आमच्या हळदीला ळ मिळेना

परवा आमच्या गावी, हट्ट्याला, घरी बसून हळदीच्या पाकिटाचं लेबल करत होते आणि एका अक्षरापायी रडू आलं…

आईच्या बचत गटाची हळद पहिल्यांदाच नाव छापलेल्या पाकिटात हिंगोलीच्या प्रदर्शनात जाणार आहे. घरात ग्रॅज्युएट झालेली मी एकटीच, म्हणून लेबल माझ्याकडे. "शहरातल्या पाकिटासारखं करते," असं मीच सगळ्यांना सांगून बसले होते.

मनासारखा एक फॉन्ट सापडला… गोल, ठसठशीत, फुकट. 'हळद' टाईप केलं तर मधे रिकामा चौकोन! त्यात ळ नव्हताच. दुसऱ्यातही तेच. तिसऱ्यात ळ होता, पण खाली बारीक अक्षरात लिहिलेलं, फक्त वैयक्तिक वापरासाठी मोफत. म्हणजे विकायच्या पाकिटावर चालणार नाही.

वसमतचे प्रिंटिंगवाले फोनवर हसले. "ताई, माझ्याकडं समदे फॉन्ट हायेत. कोन इचारून राहिलं?"

पण चोरीच्या फॉन्टमध्ये 'शुद्ध' हा शब्द कसा छापायचा?

पहिल्या फॉन्टमध्ये बदल करायची परवानगी होती, म्हणून त्यात ळ स्वतःच काढून बघितला. गटातल्या मालनमावशी मागून वाकून म्हणाल्या, "हळदीच्या मधी चष्मा काहून ठिवला गं?" सगळ्या हसल्या. मीही हसले… आणि हसता हसता रडूच आलं.

शेवटी खुल्या लायसन्सचा, म्हणजे विकायच्या मालावरही चालणारा, एक साधा फॉन्ट घेतला. ळ नीट, पण रूप अगदीच कोरडं. आई म्हणाली, "हे तर तहसीलच्या नोटिशीवानी दिसून राहिलं."

"दिसू द्या की," गटातल्याच शबानाभाभी म्हणाल्या. "नोटिशीवानी हाय म्हनल्यावर लोकं भेसळ तरी न्हाई म्हननार!"

गट तेवढ्यावर खूश. तेच छापायला गेलं. मी मात्र खूश नाही… माझ्या मनातलं पाकीट हे नव्हतं. शेजारच्या चकचकीत पाकिटांकडे बघत गिऱ्हाईक आमच्या टेबलावरून पुढे निघून गेलं, तर या बायकांना काय तोंड दाखवू?

कुणीतरी अनोळखी माणसाने मन लावून ळ काढला आणि सगळ्यांना देऊन टाकला, त्याचे आभार. आमची हळद निदान हळद म्हणून तरी बाजारात जाईल…