मामांची सी हॅरियर

माझ्या बायकोच्या मामांशी सुरू झालेलं बोलणं तिसऱ्या वाक्याला विमानापर्यंत पोहोचलं नाही, असं मी तरी कधी पाहिलं नाही. मामा नौदलात मेकॅनिक होते. विमानवाहू जहाजावरच्या एका सी हॅरियरची देखभाल त्यांनी वर्षानुवर्षं केली, आणि निवृत्त होऊन बदलापूरला, कुळगावात राहायला आल्यावर तिची सगळी नोकरी, म्हणजे ती ताफ्यात आली कधी, इंजिन बदललं कधी, कुठल्या वादळात कशी उतरली, हे आम्हा नातेवाइकांकडून जवळजवळ पाठच करून घेतलं. विमानाला ते ‘ती’ म्हणत. मामींनाही ‘ती’च. त्यामुळे ‘तिला गंज चढायला लागला होता’ असं ऐकू आलं की मामी स्वयंपाकघरातून बाहेर येऊन खात्री करून घेत.

एकदा उल्हासनगरला साड्या घ्यायला गेलो, तर मामांनी गादीवर एक साडी पसरली, तिचं टोक लोडावर चढवलं आणि जहाजाचा डेक पुढे असा वर वळलेला असतो, म्हणून छोट्याशा धावेत हॅरियर झेप घेते, हे दुकानाच्या सिंधी शेठला समजावलं. शेठने शेवटी हात जोडले. “अंकल, साडी लेनी है के उडानी है?”

इथवर मी सहन केलं. पण माझ्या धाकट्या बहिणीला बघायला चामटोलीचे पाहुणे आमच्या अंबरनाथच्या घरी आले, तेव्हा वडीलधारे म्हणून मामांना बोलावलं, ही माझी चूक. मुलाच्या वडिलांनी मुलीचं शिक्षण विचारलं.

“ते सांगतो. आधी मला सांगा, विमान हवेत जागच्या जागी थांबेल का?”

मग पोह्यांची बशी जहाज झाली आणि लिंबाची फोड हॅरियर. ती फोड तासभर उडत होती. शेवटी, “आता सरळ खाली... हळू... हळू...” करत मामांनी ती उतरवली, ती पाहुण्यांच्या चहात.

स्थळ गेलं. बहीण महिनाभर मामांशी बोलली नाही. मी जाब विचारला, तर म्हणाले, “त्यांनी कप हलवला, जावईबापू. समुद्रातही असंच होतं.”

दोनेक वर्षांनी मामांच्या जुन्या सहकाऱ्याचा फोन आला. त्यांची हॅरियर आता उडणार नव्हती. मामा त्याच आठवड्यात एकटे गोव्याला, नौदलाच्या तळावर, तिला बघायला गेले. परत आल्यावर आमच्याकडे जेवायला आले, हात धुऊन पानावर बसले आणि खाली बघून जेवू लागले.

“भेटली का?” बायकोने विचारलं.

“हो. इंजिन काढलंय. बरेच भाग दुसऱ्या विमानांना लावलेत.” भाकरीचा तुकडा मोडत म्हणाले, “चांगल्या स्थितीत होते सगळे.”

इतक्या वर्षांत पहिल्यांदाच मी आपण होऊन विचारलं, “मामा, ती जहाजावर पहिल्यांदा उतरली, तेव्हा तुम्ही डेकवरच होता ना?”

मामांनी माझ्याकडे पाहिलं. त्यांचा घास हातातच राहिला होता.

“राहू द्या, जावईबापू,” ते म्हणाले. “तुमची भाकरी गार होतेय.”