आईच्या छातीची वही

डॉक्टरांनी आईच्या आजाराचं नाव सांगितलं तेव्हा मी ते वहीत तीनदा लिहून पाहिलं: ब्रॉन्किएक्टॅसिस. श्वासनळ्या काही ठिकाणी कायमच्या सैल होतात, त्यांत कफ साचतो आणि साचलेल्या कफात जंतू वाढतात. डॉक्टरांनी तुंबलेल्या गटाराचं उदाहरण दिलं, ते आईला अजिबात आवडलं नाही. "माझ्या छातीला गटार म्हणाला," असं ती परळहून लालबागला पोचेपर्यंत टॅक्सीत म्हणत होती.

मला यादीशिवाय काम सुचत नाही. त्या दिवसापासून वहीत रोज पाच रकाने: कफ किती, रंग कसा, धाप, ताप, व्यायाम. रंगाची मोजपट्टी आईची स्वतःची होती. ताकासारखा म्हणजे नेहमीचा. वरणासारखा म्हणजे लक्ष ठेवायचं. पुदिन्याच्या चटणीसारखा म्हणजे डॉक्टरांना फोन. त्यानंतर आमच्याकडे पुदिन्याची चटणी बंद झाली, कुणीही तसं ठरवलेलं नसताना.

पहिल्या वर्षात दुखणं तीनदा उसळलं. मे, सप्टेंबर, डिसेंबर. डिसेंबरात आठवडाभर हॉस्पिटलात राहावं लागलं. घरी सोडताना डॉक्टरांनी मला बाजूला घेतलं. दर उसळीत फुफ्फुसाचा थोडा भाग कायमचा निकामी होऊ शकतो, म्हणाले. उसळी टाळायची. टळली नाही तर दोन दिवसांत पकडायची, आधी कफाचा नमुना तपासायला द्यायचा, मग औषध सुरू करायचं आणि बरं वाटलं तरी अर्ध्यावर सोडायचं नाही.

पण हेच तीन महिने का? हा प्रश्न माझ्या डोक्यातून जाईना.

मेचा संशयित पटकन सापडला. आमच्याकडे वर्षाचा मालवणी मसाला मेमध्ये कांडून आणतात आणि कांडप चालू असताना आपल्या मिरच्यांपाशी उभं राहायचं, हा आईचा नियम. नजर हटली की दुसऱ्याच्या हलक्या मिरच्या आपल्या डब्यात येतात, असा तिचा ठाम विश्वास. म्हणजे आधीच बिघडलेली छाती घेऊन ती दोन तास तिखटाच्या धुरळ्यात उभी राहायची.

पुढच्या मेमध्ये मी तिला घरी बसवलं आणि स्वतः गेले. शिंकून शिंकून बेजार झाले. ती दर दहा मिनिटांनी फोन करत होती. "धणे भाजून दिलेस ना? तू उभी आहेस की बाहेर बसलीस?"

मसाला आला, आईच्या नाकात तिखटाचा कणही गेला नाही, आणि तरी दहा दिवसांत वरण झालं, मग पुदिना. या वेळी वही कामाला आली. नमुना वेळेत गेला, औषध लगेच सुरू झालं, हॉस्पिटल टळलं. पण माझा संशयित निर्दोष सुटला.

मी डिसेंबरात काढलेल्या सतरंज्यांची धूळ, सप्टेंबरात गणपतीची अगरबत्ती, भिंतीची ओल अशी नवी यादी करायला घेतली. तेव्हा काकी, म्हणजे आईची धाकटी जाऊ, दर मेसारखी गावाहून आमच्याकडे राहायला आली होती. एके दिवशी सकाळी सहाला मिक्सरच्या आवाजाने मला जाग आली. स्वयंपाकघरात गेले तर मिक्सर चालू, भांडं रिकामं. आई खिडकीकडे तोंड करून उभी होती, हातात फिजिओथेरपिस्टने दिलेली नळी. त्या नळीत एक छोटा गोळा असतो, फुंकलं की तो थरथरतो आणि छातीतला कफ सुटतो. तिने चारपाच वेळा फुंकलं, खोकली, तोंड धुतलं आणि मिक्सर बंद केला. सगळं मिळून दोन मिनिटं.

"वीस मिनिटं करायचं असतं ना?"

"वीस मिनिटं रिकामा मिक्सर चालवला तर जळेल."

मेमध्ये काकी, सप्टेंबरात लालबागचे गणपती बघायला आलेले पाहुणे, डिसेंबरात लग्नाची मंडळी. आमचं घर वन रूम किचन, बाथरूमबाहेर सकाळी रांग. मी रोज विचारत होते, "व्यायाम केलास?" ती "केला" म्हणायची आणि मी बरोबरची खूण करायचे. किती वेळ केला, हा रकानाच वहीत नव्हता.

"पाहुण्यांसमोर थुंकत बसू?" आई हळू आवाजात म्हणाली. "आपल्याकडे खोकल्याचा अर्थ एकच लावतात. उद्या माझ्या हातचा चहा कोण घेईल? तू काही बोलायचं नाहीस."

मी दोन दिवस बोलले नाही. तिसऱ्या सकाळी काकीनेच विचारलं, "वहिनी, पहाटे मिक्सर फिरतो आणि नाश्त्याला मात्र चटणी नसते. काय भानगड आहे?"

आईने आधीच पुसलेला ओटा पुन्हा पुसला. मग म्हणाली, "छातीत कफ साचतो. रोज काढावा लागतो. टीबी नाही, दोनदा तपासलंय."

"एवढंच?" काकी म्हणाली. "तुमचे दीर सकाळी खाकरतात ते खालच्या वाडीपर्यंत जातं. त्यांच्यासाठी कोणी मिक्सर लावला नाही. चहा टाका आता, की तोही रिकामाच?"

आईने चहा टाकला. काकीने दोन कप घेतले.

त्या सप्टेंबरात पाहुणे नेहमीसारखे आले, या वेळी काकीही आली. आईने सकाळी सहाला त्यांच्या अंथरुणांच्या मधोमध खुर्ची मांडली आणि वीस मिनिटं नळी फुंकली. दोघांनी कुशी बदलल्या, एकाने "हे काय वाजतं?" विचारलं, काकीने झोपेतच उत्तर दिलं. डिसेंबर संपेपर्यंत वहीत रोज ताक होतं.

मधल्या काळात तिने फ्लूची लसही घेतली होती आणि नेब्युलायझरच्या मशीनने मिठाच्या पाण्याची वाफही सुरू केली होती. नेमका कशाने किती फरक पडला, ते मी डॉक्टरांना विचारलं. ते म्हणाले, शोधायचं तर एकेक गोष्ट बंद करून पाहावी लागेल. तेवढं कुतूहल मला नाही.