दारावर चिकटवलेली नोटीस

"साहेब, रिपोर्ट आजच पाहिजे," विकास म्हणाला. तो सरपंच होऊन आठ दिवसही झाले नव्हते. बाभुळगावकडच्या त्या तांड्यात पोरांनी धरमादादांची वीस वर्षांची सत्ता उलथवली होती. "क्रांती झाली," असं पोरं म्हणायची. पण दादा आपल्या वॉर्डातून निवडून आले होते. तेवढी एक खुर्चीही विकासला रिकामी हवी होती.

तक्रार अशी, की दादांचा गोठा ई-क्लासवर, म्हणजे सरकारी जमिनीवर आहे. अतिक्रमण सिद्ध झालं की सदस्यत्व जातं. मी पंचायत समितीत विस्तार अधिकारी. चौकशी माझ्याकडे आली.

ज्याच्यावर तक्रार, त्याच्या हातात नोटीस द्यायची असते. शिपाई गेला तेव्हा दादा कापूस वेचत होते. वावर हाकेच्या अंतरावर. त्यानं नोटीस दारावर चिकटवली. मला हे माहीत होतं. मी मोजणीही मागवली नाही, पावलांनीच अंतर मोजलं. पंच म्हणून विकासच्याच पोरांच्या सह्या घेतल्या आणि लिहिलं, 'वारंवार कळवूनही हजर राहिले नाहीत.' ते खोटं होतं. नव्या सरपंचाशी मला वाकडं घ्यायचं नव्हतं, इतकंच.

यवतमाळला सुनावणीच्या दिवशी दादा व्हरांड्यात भेटले. पिशवीतून तुरीच्या शेंगा काढून त्यांनी माझ्यापुढे धरल्या.

"घ्या साहेब, ओल्या हायेत."

"दादा, तुमच्याविरुद्ध रिपोर्ट मीच दिलाय."

"मालूम हाय. त्यात शेंगाइचा काय गुन्हा? पण मले इचारलं काहून नाही? आमच्या तांड्यात न्याय कराले बसला का नायक चोराचंही आयकते."

आत मोठ्या साहेबांनी विचारलं, "नोटीस हातात दिली होती?"

"नाही सर. रिपोर्टमधलं ते वाक्य खोटं आहे."

बाहेर विकास भडकला. "साहेब, तुमी कोनाकडून हा?"

मला कारणे दाखवा नोटीस निघाली. ती मात्र हातातच मिळाली.

फेरचौकशीत मोजणी झाली. दादा तासभर बोलले, मी शब्द न् शब्द लिहून घेतला. गोठा चार फूट ई-क्लासवरच निघाला. दादांची खुर्ची गेली. मला मान वर करवेना.

"असे काय बसले?" दादा म्हणाले. "आयकलं, मोजलं, मंग काढलं. आता मले राग नाही. चहा घ्या."

पुढच्या निवडणुकीत विकास पडला. महिन्याभरात त्याच्या सरपंचकीतल्या खर्चावर तक्रार आली, चौकशी माझ्याकडेच आली आणि लगेच त्याचा फोन.

"साहेब, नोटीस हातात देजा बरं. घरी नसलो त वावरात या."

हरलेल्याचं ऐकून घ्यायचा नियम जिंकलेल्याला नेहमीच फालतू वाटतो, पुढच्या निवडणुकीपर्यंत.

मी वावरात गेलो.