अक्काचा शेवटचा तास

दाजींचा फोन आला तेव्हा मी बीडला बँकेत दिवसाचं काम आवरत होतो. "अक्काला थांब्यावर चक्कर आलीया. छातीत दुखतंय म्हनती. ॲम्ब्युलन्सला फोन केलाय, तुमी निघा," एवढंच ते बोलले. मी तसाच निघालो. मांजरसुंब्याच्या चौकात ट्रकच्या रांगेत अडकलो असताना दुसरा फोन आला. फोनमधून नुसता टेम्पोच्या इंजिनाचा आवाज येत होता आणि शाळेतल्या मुली रडत होत्या... मी गाडी एका ढाब्यापुढं लावली आणि बाजेवर बसून राहिलो. ॲम्ब्युलन्स आलीच नव्हती. वाट बघून बघून दाजींनी भाजीच्या टेम्पोत अक्काला घातलं आणि अंबाजोगाईचा रस्ता धरला. ती वाटेतच गेली.

अक्का म्हणजे सुनंदा, माझी थोरली बहीण. घाटनांदूरच्या पलीकडं एका खेड्यात, एका संस्थेच्या शाळेत ती इंग्रजी शिकवायची. गावाचं आणि संस्थेचं नाव मी लिहीत नाही, कारण चौकशी चालू आहे. निदान कागदावर तरी आहे. अक्काला लहानपणापासून एक वेड होतं, जाडजूड अद्भुत कादंबऱ्यांचं. उडते सर्प, शापित जंगलं, बुडालेली राज्यं, पहिल्याच पानावर छापलेले नकाशे. औरंगाबादला शिकायला होती तेव्हा रद्दीच्या दुकानातून ती असली पुस्तकं आणायची आणि सुट्टीत गावी आल्यावर शब्दकोश मांडीवर घेऊन वाचत बसायची. आमचे वडील, आबा, म्हणायचे, "हे लहान लेकरांचं हाय. तू कावून वाचतीस?" ती म्हणायची, "मोठ्यांच्या पुस्तकातली माणसं लई लवकर हार मानतेत, आबा."

शाळेत नववीच्या मुलींचा शेवटचा तास शिवणकामाचा होता. शिवणयंत्रं मात्र कागदावरच होती. मग अक्का त्या तासाला गोष्ट सांगायची. वाचलेल्या सगळ्या पुस्तकांची खिचडी करून तिनं स्वतःची एक गोष्ट रचली होती, आणि ती आपल्याच मुलखात आणून बसवली होती. डोंगर बालाघाटाचे, उडता सर्प उसाच्या फडात दडून बसलेला, आणि जादूगार तंबाखू मळत मळत भविष्य सांगणारा. गोष्टीची नायिका म्हणजे सरहद्दीवरच्या गढीत पाणी भरणारी एक पोरगी. राजा मेलेला, शिपाई पळालेले, काळोखाची फौज चालून येतेय आणि गढीत ही एकटी. एकदा मी अक्काला न्यायला गेलो होतो. वर्गाबाहेर उभा राहून ऐकत होतो. एका मुलीनं विचारलं, "मॅडम, तिला भ्या वाटत न्हाई का?" अक्का म्हणाली, "वाटतं की. पण दाराची कडी तिच्या हाताशी हाय. हात कापत असला तरी कडी लागती बाई." मुली हसल्या. एक हसली नाही. ती रेखा, हे मला नंतर कळलं.

रेखाचे आई-वडील दरसाल ऊसतोडीला जातात. नवरा-बायकोची जोडी म्हणजे एक कोयता, आणि मुकादम जोडीलाच काम देतो. म्हणून आमच्याकडं फडावर जायच्या आधी पोरींची लग्नं उरकतात. रेखाचंही ठरलं. हळदीच्या दिवशी सकाळी ती दुकानात गूळ आणायला गेली आणि दुकानदाराच्या फोनवरून तिनं मदतीचा नंबर लावला. दुपारी मांडवात पोलीस आणि ग्रामसेवक येऊन उभे राहिले. लग्न मोडलं. ग्रामसेवकानं तिला विचारलं, "तुला हे कुणी शिकवलं?" ती म्हणाली, "शिकवलं न्हाई कुनी. मी कडी लावली."

संध्याकाळी तिचा बाप, मारुती, अक्काच्या दारात आला आणि सगळ्या आळीला ऐकू जाईल असं बोलला. ते शब्द मी इथं लिहिणार नाही. दुसऱ्या दिवशी संस्थेच्या अध्यक्षांनी अक्काला बोलावलं. अध्यक्ष म्हणजे गावचे पुढारी. शाळा त्यांची, सोसायटी त्यांची, मुकादमसुद्धा त्यांच्याच उठण्या-बसण्यातले. ते म्हणाले, "मॅडम, पोरींच्या डोक्यात राक्षस-बिक्षस भरू नका. अभ्यासक्रमात हाय का हे?" अक्का म्हणाली, "नववीतल्या पोरीचं लगीन तरी कुठं हाय साहेब अभ्यासक्रमात?"

हे वाक्य पुढं गावभर झालं. लोक ते सांगताना हसतात. पण ते बोलून घरी आल्यावर अक्काला दोनदा उलटी झाली, हे कुणी सांगत नाही. तिचा शेवटचा तास काढून घेतला गेला. शिक्षकांच्या खोलीत तिच्याशी बोलणं बंद झालं. चहा आला की तिच्यापुढून कप पुढं सरकायचा. मी म्हणालो, "अक्का, बदली मागून घे. नाहीतर गप बस थोडे दिवस." ती म्हणाली, "रोज सकाळी भ्या वाटतं रे, आज काढतेत नोकरीवरून. पण पोरी विचारत्यात, गढीचं पुढं काय झालं म्हणून. त्यांना काय सांगू, सांगणारीच पळाली?" मग शाळा सुटल्यावर मुली एसटीची वाट बघत थांब्यावर बसायच्या तिथं ती गोष्ट सांगू लागली. थांब्यावर कुणाची सत्ता नव्हती. त्याच थांब्यावर, सिमेंटच्या बाकावर, मुलींच्या घोळक्यात ती कोसळली.

आणि ॲम्ब्युलन्स कुठं होती? शेजारच्या गावात अध्यक्षांच्या हस्ते सभामंडपाचं उद्घाटन होतं. आरोग्य केंद्राची गाडी तिथं ताफ्याच्या शोभेला उभी होती. दाजींनी चालकाला फोन केला तर तो म्हणाला, "सायेब गेल्याबिगर हलता येत न्हाई." आरोग्य केंद्रानं मात्र लेखी कळवलं की गाडी दुरुस्तीला गेली होती. या एका ओळीपुढं दाजींच्या शब्दाला काय किंमत?

शोकसभा शाळेच्या पटांगणात झाली. अध्यक्ष आले, हार घातला आणि बोलले. म्हणाले, "मॅडम लई धाडसी व्हत्या. भीती हा शब्दच त्यांना ठाऊक नव्हता. आपल्या वाचनालयाला आपण त्यांचं नाव देऊ." टाळ्या वाजल्या... शोकसभेत टाळ्या. पुस्तकांच्या ज्या कपाटाची किल्ली मागून मागून अक्का थकली, त्या कपाटाला वाचनालय म्हणतात हे मला त्या दिवशी कळलं. पण माझं डोकं फिरलं ते दुसऱ्याच गोष्टीनं. भीती ठाऊक नव्हती म्हणे. ज्यांनी तिला रोज भ्यायला लावलं, त्यांनीच तिची भीतीसुद्धा पुसून टाकली. तिला एकदा निर्भय म्हटलं की तिला भिववणारं कुणी उरतच नाही. मी जागेवरून उठलो आणि म्हणालो, "साहेब, त्या दिवशी तुमच्या मंडपापाशी कुणाची गाडी उभी होती, तेवढं आधी सांगा. नावाचं नंतर बघू." कुणीतरी माझा दंड धरून मला खाली बसवलं. सभा पुढं चालू राहिली.

त्यानंतर मी चौकशीसाठी अर्ज दिला आणि साक्षीदार शोधत दारोदार फिरलो. त्या कार्यक्रमाला निम्मं गाव जेवायला गेलतं. सगळ्यांनी गाडी बघितली होती. लिहून द्यायला एकही तयार नाही. एक म्हातारे गुरुजी मला म्हणाले, "गेलेलं माणूस परत येतं का? चांगल्या माणसाला देव लवकर नेतो." मी म्हणालो, "गुरुजी, देवानं नाही नेलं, गाडीनं नेलं नाही म्हणून गेली ती." त्यांनी दार लोटून घेतलं. रात्रंदिवस एकच वाटायचं, कशासाठी सांगितल्या तिनं या गोष्टी असल्या गावाला? तिच्या पुस्तकांवरही मला राग आला. त्यात शेवटी कुणीतरी मदतीला धावून येतं. आमच्याकडं कुणी येत नाही.

अक्का जाऊन आता दोन वर्षं होत आली. मागच्या आठवड्यात दाजींच्या दारात मारुती येऊन उभा राहिला. रेखाचा बाप. मी उठून उभाच राहिलो, मला वाटलं आता आणखी काय ऐकवायला आला. तो उंबऱ्याच्या आत आला नाही. म्हणाला, "मी जेवायला गेलतो तिथं. गाडी मंडपामागं उभी व्हती. डायवर बुंदी खात व्हता. कुठं सांगायचं ते सांगा, मी येतो."

"अध्यक्ष कोण आहेत ठाऊक आहे ना?" मी विचारलं.

"ठाऊक हाय की. मुकादम त्यांचाच मानूस हाय. औंदा मला फडावर न्हेतील का न्हाई, देव जाणे."

"मग कावून सांगताय?"

तो म्हणाला, "रेखा आता आंबाजोगाईला बारावीला हाय. ती म्हनली, तुमी न्हाई सांगितलं तर मी जाऊन सांगते, तवा मी थांब्यावरच व्हते. म्या म्हनलं, तू गप. मी जातो... पोरीला पुढं करून घरात कसा बसू?"

आम्ही तिघं तालुक्याला गेलो. तिथला चौकशीचा साहेब दोनदा म्हणाला, "विचार करा. एकदा सही केली की केली." मारुतीनं साहेबाला लिहून घेतलेला जबाब पुन्हा वाचून दाखवायला लावला, आणि मग सावकाश, एक एक अक्षर जुळवत सही केली. चौकशीची तारीख अजून आलेली नाही. कदाचित येणारही नाही. एका माणसाच्या सहीनं काही होईल असा माझा भ्रम नाही, आणि माझा राग तिळभरही कमी झालेला नाही.

परतल्यावर मी अक्काच्या खोलीत गेलो. खिडकीच्या कट्ट्यावर एक जाड कादंबरी उघडी, पालथी ठेवलेली होती. ती गेली त्या दिवशी सकाळी शाळेत जाताना तिनं ठेवली तशीच. उन्हानं तिचं कव्हर विटलंय, कडेची पानं वाकलीत. मी हात लावणार तेवढ्यात दाजी दारातून म्हणाले, "तिची खूण जाईल."

"खराब होईल हो असं राहिलं तर," मी म्हणालो. "चौकशी संपली की मिटून ठेवू."

दाजी आत आले. खिडकीची एक झडप त्यांनी लावून घेतली, पुस्तकावर ऊन येणार नाही एवढीच. म्हणाले, "तंवर राहू द्या. पुढचं तिला ठाऊक नव्हतं, आपल्याला कुठं हाय."