घुमणीच्या दिवसांत मुलुंड ते मरोळ

घाटकोपरहून मेट्रोत बसलात की दहा-पंधरा मिनिटांत मरोळ येतं. मला एकदा मुलुंडहून तिथे पोचायला अख्खा दिवस लागला होता. ऐंशीच्या दशकातली, घुमणीच्या साथीतली गोष्ट.

ज्यांनी ती साथ पाहिली नाही त्यांच्यासाठी सांगते. घुमणी आवाजातून पसरायची. आजारी माणसाचा आवाज रिकाम्या हंड्यात बोलल्यासारखा घुमायचा. तो दोन-चार मिनिटं कानावर पडला की दुसऱ्या दिवशी तुम्हाला ताप, आणि तिसऱ्या दिवशी शब्दांची सरमिसळ. पाणी मागायचं असेल तर तोंडातून ‘कंगवा’ निघायचा. बहुतेक लोक दोन-तीन आठवड्यांत बरे व्हायचे. काही म्हातारी माणसं मात्र पुन्हा कधी सरळ बोललीच नाहीत.

माझी बहीण शोभाताई मरोळला राहायची. भावोजी मस्कतला नोकरीला. घरात ताई, तिची पाच वर्षांची पिंकी आणि सासरे तात्या. एका सकाळी ताईचं पत्र आलं, तीनच ओळींचं: ‘पिंकीला घेऊन जा. खिडकी फार गोड झाली आहे. मंगळवार शिजत नाही.’

आईने ते दोनदा वाचलं आणि मटकन खाली बसली. "हिला झाली गं."

"मी जाते," मी म्हटलं.

"तुला काय कळतं त्यातलं?"

"कुणालाच काय कळतंय?"

मी कानात खोबरेल तेलात भिजवलेला कापूस गच्च बसवला, वरून मफलर बांधला. पिशवीत पिंकीसाठी जास्तीचा कापूस घेतला आणि निघाले.

घाटकोपरपर्यंतची बस रिकामी होती. कंडक्टर पुठ्ठ्यावर तिकिटाचे दर लिहून सगळ्यांपुढे धरत होता. लोक बोटाने दाखवत होते. कुणी खोकलं तरी सगळे त्याच्याकडे बघायचे. खोकल्यातून पसरते की नाही, हे कुणालाच माहीत नव्हतं.

घाटकोपरला एका हॉटेलात शिरले. मी भिंतीवरच्या पाटीवर ‘वडा-उसळ’ला बोट लावलं, वेटरने उपमा आणला. मी पुन्हा बोट दाखवलं, त्याने दुसरा उपमा आणला. तो आजारी होता की मी नीट दाखवलं नव्हतं, देव जाणे. दोन्ही खाल्ले.

पुढची बस साकीनाक्यालाच थांबली. रिक्षावाल्यांपुढे मी ‘मरोळ’ लिहिलेला कागद धरला की ते मान हलवून निघून जायचे. मग चालत निघाले. कंपन्यांची फाटकं बंद. रस्त्यात एक माणूस माझ्याकडे बघून काहीतरी कळकळीने बोलू लागला. मी पळाले. पळता पळता वाटलं, तो नुसता पत्ता विचारत असेल तर?

दार तात्यांनी उघडलं. तात्या गिरणीत मागावर होते. त्या खडखडाटाने त्यांचे कान कायमचे गेलेले. आजवर आम्ही त्यांना घरातल्या कपाटाइतकंच विचारत होतो. आता चाळीच्या मजल्यावरच्या सात खोल्यांत तेच एकटे बिनधास्त फिरत होते, पेज करून घरोघर पोचवत होते. त्यांनी खुणेने मला बसवलं आणि पिंकीच्या पाटीवर मोठ्या अक्षरांत लिहिलं: ‘बरा झाला इलंस. चाय टाकतंय.’ पिंकी कानात कापूस घालून त्यांच्या धोतराला धरून उभी होती.

ताई आतल्या खोलीत होती. मला बघताच तिने माझं मनगट पकडलं आणि बोलायला लागली. तिचे ओठ तेच तेच काहीतरी म्हणत होते. मी पिंकीचा हात धरला तर तिने तो सोडवला. लगेच पुन्हा माझ्या हातात दिला. नेऊ की नको नेऊ? मी पाटी पुढे केली. तिने त्यावर नुसत्या रेघा ओढल्या. तिच्या डोळ्यांत पाणी आलं.

मी एका कानातला कापूस काढला.

"पायरी धुतलीस का?" ताई त्या घुमणाऱ्या आवाजात म्हणत होती. "पायरी धुतलीस का? धुतलीस का गं?"

मी वेड्यासारखी बाहेर जाऊन पायरी धुऊन आले. तिने कपाळावर हात मारला आणि परत तेच.

आता मीच धोक्याची झाले होते. पिंकीला घेऊन आईकडे जाणं शक्यच नव्हतं. तिसऱ्या दिवशी मी तात्यांकडे पाटीवर लिहून उशी मागितली, तेव्हा त्यांनी खुणावल्यावर पिंकीने माझ्या पुढ्यात झाडू आणून ठेवला. म्हणजे हातून तेच लिहिलं गेलं असणार.

ते दिवस मला धड आठवत नाहीत. मी बोलायचे ते मला बरोबरच वाटायचं, आणि समोर भलतंच यायचं. एकदा मी रागाने पातेलं आपटलं, रडले. तात्या शेजारी बसून राहिले. मग हळूच म्हणाले असावेत, मी ऐकलं ते असं: "माका वीस वर्सां झाली, कोणाचा काय कळणा नाय. तुमका पंधराच दिवस झाले."

त्यांनी ते आम्हाला सुनावलं की धीर दिला, हे मला आजही ठरवता येत नाही.

ताई माझ्याआधी बरी झाली. मला नीट बोलता येऊ लागल्यावर मी पहिलं तेच विचारलं, "तू काय म्हणत होतीस गं तेव्हा?"

ताई म्हणाली, "जेवलीस का, असं म्हणत होते बहुतेक. एवढ्या लांबून आलेलीस ना."

मी एकटीच मुलुंडला परतले. पिंकीला आणायला गेले होते, ती तिथेच राहिली, ठणठणीत. मी मात्र आजारी पडून एका म्हाताऱ्याचं काम वाढवून आले. आईने विचारलं, "मग तू जाऊन केलंस काय?" "दोन उपमे खाल्ले," मी म्हटलं. तेव्हा शब्द तर सगळे परत आले होते.

साथ ओसरल्यावर एका रविवारी ती सगळी आमच्याकडे जेवायला आली. पंगतीत एकच कल्ला. तात्या नेहमीसारखे कडेला, मान खाली घालून जेवत होते. मी पिंकीची पाटी घेतली, त्यांच्यासमोर जाऊन बसले आणि लिहिलं, ‘भाजी वाढू?’

त्यांनी पाटी वाचली. मग माझ्याकडे बघितलं. मग परत पाटीकडे.

"वाढ," ते म्हणाले. "पण मीठ कमी पडला हा."

आईने मिठाचं भांडं पंगतीत फिरवलं. भाजीत मीठ खरंच कमी होतं, आणि तोवर कुणीच ते बोललं नव्हतं.