सोमवारचं अंडं

सर्जननी कापसाची काडी जखमेत घातली आणि ती आत जातच राहिली. "हाडाला लागतेय," ते म्हणाले. "ऑस्टिओमायलायटिस दिसतोय. म्हणजे जंतुसंसर्ग हाडात उतरलाय. अंगठा वाचवायचा प्रयत्न करू. नाही वाचला तर पाऊल कुठपर्यंत काढावं लागेल, ते आज सांगत नाही."

माझे यजमान हे ऐकताना भिंतीवरच्या कॅलेंडरकडे बघत होते. मला वाटलं, माणूस घाबरला. नंतर कळलं, ते संकष्टी कधी येते ते बघत होते.

ह्यांना चौदा वर्षं मधुमेह. शाळेत क्लार्क होते, आता निवृत्त. रत्नागिरीत आमचं लहानसं घर आहे, मागे चार नारळ, आणि त्या नारळांना पाणी घालायला हे अनवाणी जाणार. किती वर्षं सांगतेय, चप्पल घाला. न्यूरोपथी म्हणजे पायाच्या नसांची जाणीव जाते. काटा रुतला तरी कळत नाही. ह्यांनाही कळलं नाही. लादीवर रक्ताचे ठिपके मला दिसले.

"भेग हाय ती," हे म्हणाले आणि पंधरा दिवस कोकमाचं तेल चोळत बसले. तेल मीच आणून दिलं, हेही लिहून टाकते. आपल्याकडे पायाला काहीही झालं तरी कोकमाचं तेल. पायाचा वास यायला लागला तेव्हा रिक्षात घातलं.

आठ दिवस हॉस्पिटलात होतो. डिब्राइडमेंट केलं, म्हणजे मेलेलं मांस कापून काढलं. मग रोज ड्रेसिंग. बाहेरच्या बाकावर बसून मी लोकांचे सल्ले ऐकले. भेटायला येणारा प्रत्येकजण शहाळं घेऊन यायचा. मधुमेही माणसाला पाच-पाच शहाळी. घरी न्यायची, शेजारी वाटायची, पुन्हा दुसऱ्या दिवशी चार.

सुट्टी देताना डॉक्टरांनी रक्ताचा रिपोर्ट दाखवला. सिरम अल्ब्युमिन, म्हणजे रक्तातलं एक प्रथिन, साडेतीनच्या वर हवं. ह्यांचं दोन पूर्णांक चार होतं. "जखम भरायला शरीराकडे माल पाहिजे," डॉक्टर म्हणाले. "मांसाहार करता ना?"

ह्यांचा चेहरा आठ दिवसांत पहिल्यांदा उजळला. बांगडा, सौंदाळा, सुरमई, सगळ्या माशांची नावं सांगून झाली.

"मग प्रश्नच नाही. रोज तीन अंडी. भाज्या घालून ऑम्लेट करा, तेल कमी. जोडीला मासे, डाळ." आम्ही दोघांनी मान डोलावली.

प्रथिनांची पावडरही दिली होती, तिनं जुलाब लागले म्हणून बंद केली. पनीर ह्यांना खडू खाल्ल्यासारखं लागतं. डाळीनं पोटात वारा धरतो. उरलं ऑम्लेट.

ते कसं करायचं ते लिहिते, कारण मीही पहिले दोन दिवस चुकले. एक लहान कांदा, अर्धा टोमॅटो बिया काढून, थोडी सिमला मिरची, किसलेलं गाजर, कोथिंबीर, एक हिरवी मिरची. सगळं बारीक. भाज्या आधी चमचाभर तेलात दोन मिनिटं परतून घ्यायच्या, नाहीतर त्यांना तव्यावर पाणी सुटतं आणि ऑम्लेट उलटताना फाटतं. मग त्यावर फेटलेली अंडी, मीठ, मिरपूड, मंद गॅस आणि झाकण. झाकण ठेवलं की उलटायची वेळच येत नाही. दहा मिनिटांचं काम.

मंगळवारी खाल्लं. बुधवारीही खाल्लं. गुरुवारी मी ताटली पुढे ठेवली तर हात मागे. "आज गुरुवार हाय गो."

सोमवार, गुरुवार, शनिवार. त्यात संकष्टी, दोन एकादश्या. हा माणूस बुधवारी माशाचं डोकं चोखून खाणार आणि गुरुवारी अंड्याला शिवणार नाही. लग्न झाल्यापासून बघतेय आणि खरं सांगायचं तर मीही हेच वार पाळते. पण माझ्या पायाला भोक पडलेलं नव्हतं.

"औषध म्हणून घ्या," मी म्हटलं.

"औषध बाटलीत असतां. ह्यां तर तव्यावर हाय," हे म्हणाले आणि भेंडीची भाजी मागितली. भेंडीनं कुणाच्या जखमा भरल्या असत्या तर काय हवं होतं.

पंधरा दिवसांनी रिपोर्ट. दोन पूर्णांक पाच. डॉक्टरांनी कागद उलटसुलट करून बघितला. "रोज खाताय ना?"

"खातो तर," हे म्हणाले.

मी फरशीकडे बघत बसले. चारचौघांत नवऱ्याला खोटं पाडायचं नाही, ही माझी चाळीस वर्षांची सवय. पुढचं सगळं तिथं बिघडलं. तुमच्या घरात हा प्रसंग आला, तर कृपा करून पहिल्याच दिवशी डॉक्टरांना वार सांगा. ते विचारणार नाहीत. त्यांच्या कागदावर 'मांसाहार करतात' एवढंच लिहिलेलं असतं.

"महिनाभर बघू," डॉक्टर म्हणाले. "ग्रॅन्युलेशन आलं पाहिजे, म्हणजे जखमेच्या तळाशी नवं लाल मांस. नाही आलं तर अंगठा काढायची तारीख ठरवू."

महिनाभर. आणि चार दिवसांनी श्रावण लागत होता.

आषाढातल्या शेवटच्या दिवशी ह्यांनी पोटभर मासे खाल्ले आणि दुसऱ्या दिवशी गळ्यात पंचा टाकून देवापुढे बसले. आता आठवड्यातले तीन दिवस नव्हे, सगळा महिना. मी ओरडले, रुसले, मुंबईच्या मुलीला फोनवर रडायला लावलं. हे शांत. "आजवर एक श्रावण मोडला नाय. बोटासाठी मोडू काय?"

दोन दिवस मी बेसनाची धिरडी करून घातली. ऑम्लेटच्याच भाज्या, कांदा तेवढा वगळून, कारण श्रावणात तोही नाही. तिसऱ्या दिवशी ड्रेसिंग सोडलं तर जखमेचा तळ तसाच पांढुरका, ओला. मी स्वयंपाकघरात आले, बेसन भिजवलं, आणि त्यात दोन अंडी फोडली.

असंच लिहिते, कारण ते असंच झालं. विचारबिचार काही केला नाही. हळद, ओवा, आलं, हिंग जरा सढळ हातानं घातलं. अँटिबायोटिकच्या गोळ्यांनी ह्यांचं तोंड कडू झालेलं होतं, वासही धड येत नव्हता. हे जेवले आणि म्हणाले, "आज धिरडी हलकी झालीत गो."

मी मोरीत जाऊन भांडी घासत राहिले, स्वच्छ भांडीसुद्धा. ज्या हातानं देवापुढे निरांजन लावते त्याच हातानं नवऱ्याचं व्रत मोडलं. माझा ह्या गोष्टींवर विश्वास नसता तर सोपं गेलं असतं. विश्वास आहे. म्हणून जास्त चीड आली, ह्यांची, डॉक्टरांची, श्रावणाची आणि माझी. टरफलं मी नारळाच्या आळ्यात पुरत होते. चोरी केलेल्या माणसासारखी मागचं दार आधी बघून घ्यायचे. महिनाभर एकही दिवस चुकवला नाही, सोमवारसुद्धा.

शेवटच्या आठवड्यात रिपोर्ट आला. तीन पूर्णांक तीन. डॉक्टरांनी ड्रेसिंग सोडलं आणि नर्सला बोलावून दाखवलं. तळ लाल झाला होता. "अंगठा राहतोय. आता फक्त जपायचं. ही जाड तळाची सँडल, घरातही घालायची. अनवाणी एक पाऊल नाही. एक खडा पुरे होईल."

रिक्षात बसल्या बसल्या ह्यांनी हात जोडले. "महादेवान वाचवलान." वाचवलं ना, कुणीही वाचवेना का.

सोमवारी सकाळी हे आंघोळ करून, बेल घेऊन तयार. श्रावणातला शेवटचा सोमवार. देवळाला जांभ्याच्या सत्तरेक पायऱ्या, शेवाळलेल्या. सँडल दारातच काढून ठेवलेली.

"अहो, पायात घाला."

"देवाच्या पायरीवर पायताण घालून जाऊ? ज्यान पाय दिलान तो सांभाळील. माझे सोमवार त्यान बघितलान."

मी डॉक्टरांचे शब्द पुन्हा सांगितले. मुलीला फोन लावते म्हटलं. दारात आडवी उभी राहिले. हे हसले आणि मला बाजूला करायला लागले. मग माझ्या तोंडून निघून गेलं.

"तुमचा एकही सोमवार धड झालेला नाही. तिसऱ्या दिवसापासून धिरड्यांत अंडं आहे. रोज दोन."

हे थांबले. "सोमवारी?"

"सोमवारीसुद्धा."

पायरीवर बसले. हातातला बेल मांडीवर ठेवला. मी वाट बघत होते की आता ओरडतील. ओरडले असते तर बरं झालं असतं.

"तू खाल्लंस?"

"नाही. मी उपास धरला."

"आणि देवाला सांगितलंस?"

"रोज सांगत होते. दिवा लावताना."

"म्हणजे त्याला ठाऊक होतां," हे म्हणाले. "मलाच नव्हतां."

बेल त्यांनी घरातल्याच देवाला वाहिला. देवळात गेले नाहीत. दुपार झाली. मी वरण-भात लावला होता. तेवढ्यात हे सँडल घालून स्वयंपाकघरात आले. "अंडी कुठं ठेवतेस?"

मला वाटलं, फेकून देणार. मी तांदळाचा डबा दाखवला. त्यांनी दोन अंडी काढली, विळी ओढली, कांदा मागितला. श्रावणात कांदा. मी म्हटलं, "द्या इकडे, मी करते." तर हात मधे घातला.

"नको. तू लावू नको हात. जखम भरेसतवर वाराच्या दिवशी मी करणार. लागायचां पाप ता माझ्या हाताला लागूं दे."

जन्मात ह्या माणसानं चहा केला नव्हता. भाज्या न परतताच अंडी ओतली. पाणी सुटलं, एक बाजू करपली, ऑम्लेटचे चार तुकडे झाले आणि त्यात टरफल. ह्यांनी कचकच चावत सगळं संपवलं. मी तिथं उभी राहून रडले, आणि रडता रडता गॅस बंद केला, कारण तोही चालूच ठेवला होता.

डॉक्टरांना पुढच्या खेपेला मी सगळं सांगितलं. "मी आठवड्याचे सात दिवस धरून चाललो होतो," ते म्हणाले. आता ते पेशंटला वार विचारतात, असं नर्सनं सांगितलं. त्यांचे आणि तिचे उपकार आहेत. बोट आहे.

जखम भरून बरेच महिने झाले. हे पुन्हा सगळे वार पाळतात, पहिल्यासारखेच. मी मात्र सोमवार सोडलाय; ह्यांचे मोडल्यावर माझा पाळवेना. हे विचारत नाहीत आणि मी सांगत नाही.