आत्याचे धवळे आणि कर्णा

अंबरनाथच्या कारखान्यात कारकुनाची नोकरी लागली आणि मी खरवई सोडली. आत्या बांधापर्यंत पोचवायला आली. "बाला, तिथं गप्पगप्प राहू नको, न्हायतर मुका समजतील," म्हणाली आणि स्वतःच हसली.

आत्या धवलारीण होती. लग्नात हळदीपासून माळ घालेपर्यंत प्रत्येक विधीला गायचे धवळे तिनेच म्हणायचे. त्यांशिवाय लग्न लागलं असं आपल्याकडे कुणी मानत नसे. एक ओळ ती म्हणे, दुसरी तिची जोडीदारीण. कागदावर काहीच नव्हतं.

अंबरनाथला मी सिनेमे पाहू लागलो. शहरात प्रत्येक मांडवात लाउडस्पीकरचा कर्णा वाजे, आणि त्याशिवायचं लग्न मला मुकं वाटू लागलं. म्हणून धाकट्या बहिणीच्या लग्नाला उल्हासनगरच्या कॅम्पातून एका सिंधी गृहस्थाचा कर्णा, माईक, बॅटरी आणि गाण्यांच्या तबकड्या आणल्या. जोडीदारीण आदल्या वर्षी वारली होती. आत्याचा एकटीचा आवाज गावभर जावा, एवढाच हेतू.

आत्याने माईकपुढे पहिली ओळ म्हटली. आंब्यावरच्या कर्ण्यातून ती मागोमाग आली. आत्या थांबली.

"म्हण ना, आत्या!" मी म्हणालो.

"थांब रे. ती कोन बोलते, तिचा पुरा होऊ दे. दुसरीच्या तोंडातला काढून घेऊ नये."

मांडव खदखदून हसला. "अगो, तूच ती!" कुणी बाई ओरडली.

"माझा गला असा पत्र्यासारखा हाय?"

"साईं, मुहूर्त निकल जाएगा," म्हणत त्या सिंधी कर्णेवाल्याने सिनेमाची तबकडी लावली. पोरी नाचल्या. लग्न लागलं. हसणाऱ्यांत मीही होतो.

पुढच्या लग्नांना तुम्ही खरवईकरांनी कर्णा बोलावलात, आत्याला नाही. दोष कसा देऊ, सुरुवात माझीच. गेल्या महिन्यात ती गेली. दहाव्याहून परतल्यापासून रोज धवळे लिहायला बसतो. शब्द थोडेफार सापडतात, चाल मात्र हाती लागत नाही. एखादं वळण फार गोड आलं की हात थांबतो. हे आत्याचं, की त्या तबकडीवरचं? शेजारच्या खोलीतला रेडिओ दिवसभर माझ्या आठवणीत काय काय मिसळत असेल, देव जाणे. आम्ही बाहेर पडलेले सगळे असंच काहीतरी गुणगुणतो आणि ते गावचं आहे असं समजतो.

मला मधेच अडवून "असं नव्हतं रे ते" म्हणणारी माणसं जिथे आहेत, त्यालाच आता मी घर म्हणतो. खरवईत असं कुणी उरलं असेल तर कळवा. रविवारी येऊन म्हणून दाखवीन. चुकलो तर हसा, पण अडवा.